ल्हासातलं आपलं ऑफिस : टाइमलाइन प्रकल्पाच्या नोंदी

६ जानेवारी

विषय पक्का झाला. तिबेटमधलं भारताचं प्रतिनिधित्व, १९०४ पासून १९६२ पर्यंत, टाइमलाइन आणि नकाशा दोन्ही एकत्र. नकाशाचं काम मित्राकडे, मजकूर आणि तारखा माझ्याकडे, आणि ताई शेवटी सगळं वाचून खोडणार.

हा विषय का, हे एकदा लिहून ठेवतो. आज ल्हासामध्ये फक्त एकाच परक्या देशाचं कॉन्सुलेट आहे, नेपाळचं. पण १९६२ पर्यंत आपलंही होतं, शिवाय ग्यांत्से, यातुंग आणि गार्तोक या तिबेटमधल्या गावांत आपल्या ट्रेड एजन्सी (व्यापार बघणारी सरकारी ठाणी) होत्या, तिथे आपलं टपाल चालायचं, आपली तार होती, ग्यांत्से आणि यातुंगला आपले सैनिकसुद्धा होते. आपल्याकडे पंचशील माहीत असतं आणि बासष्टचं युद्ध माहीत असतं, मधे हे एवढं सगळं होतं आणि ते टप्प्याटप्प्याने हातातून गेलं हे शाळेत कुणी सांगितलंच नाही.

शीट बनवली. कॉलम चार: जागा, दर्जा, प्रमुख कोण, आणि हातात प्रत्यक्ष काय होतं (घर, जमीन, तार, पहारा वगैरे). चौथा कॉलम मित्राने सुचवला, नकाशावर काहीतरी दाखवता यावं म्हणून.

एक गोष्ट आधीच ठरवून टाकली. तिबेटला देश म्हणायचं की प्रदेश यावर आपण टाइमलाइनमध्ये निकाल द्यायचा नाही. त्या त्या वर्षी दिल्लीच्या कागदात जे लिहिलंय तेच त्या खान्यात जाईल. कारण आपल्या त्या ऑफिसचा दर्जा बदलत गेला तो याच प्रश्नाच्या उत्तरावर.

९ जानेवारी

१९०४ ते १९३६ भरलं. ब्रिटिश अधिकारी यंगहजबंड सैन्य घेऊन ल्हासाला गेला, ७ सप्टेंबर १९०४ ला करार झाला, त्यात ग्यांत्से आणि गार्तोकला नव्या बाजारपेठा, यातुंगची आधीपासून होतीच. तिन्हीकडे ट्रेड एजंट. पण ल्हासामध्ये मात्र कुणी नाही! एवढी लढाई करून राजधानीत माणूस ठेवला नाही, आणि वर १९०७ मध्ये ब्रिटन आणि रशियाने आपसात लिहून घेतलं की दोघांपैकी कुणीही ल्हासाला प्रतिनिधी पाठवायचा नाही. १९१४ च्या सिमला करारात फक्त एवढीच सोय की ग्यांत्सेचा एजंट गरज पडली तर ल्हासाला जाऊन येऊ शकतो. ब्रिटिश अधिकारी चार्ल्स बेल १९२०-२१ मध्ये जवळजवळ वर्षभर राहून आला, तरी त्याला भेटच म्हणत होते.

मग ल्हासाला कायमचं ऑफिस कसं झालं? १३ वे दलाई लामा डिसेंबर १९३३ मध्ये गेले, १९३४ मध्ये शोक व्यक्त करायला म्हणून चीनचं शिष्टमंडळ आलं, हुआंग मुसोंग त्याचा प्रमुख, तो परत गेला पण मागे रेडिओ सेट आणि दोन-तीन माणसं ठेवून गेला. ते बघून १९३६ मध्ये ब्रिटिश अधिकारी बेझिल गूल्ड ल्हासाला पोचला, त्याच्याकडेही रेडिओ. फेब्रुवारी १९३७ मध्ये गूल्ड परत निघाला आणि ह्यू रिचर्डसनला तिथे ठेवून गेला. कुठलाही नवा करार नाही, कुठलीही घोषणा नाही. कागदावर तात्पुरती भेट, ती लांबत गेली ती थेट १९४७ पर्यंत. म्हणजे ल्हासा मिशनचा (या ऑफिसला तेव्हा मिशन म्हणत) पाया मुळात रेडिओ सेटवर उभा होता असं मी म्हणेन, सहीशिक्क्यावर नाही. ही गोष्ट पुढे फार महागात गेली असं मला वाटायला लागलंय.

१५ जानेवारी

आज दिवसभर देकी लिंगका. हीच ती मिशनची जागा, ल्हासाच्या पश्चिमेला, पोताला आणि नोरबुलिंगका या दलाई लामांच्या दोन राजवाड्यांच्या अधेमधे, झाडांनी वेढलेलं घर. जुने फोटो बघण्यात तास कसे गेले कळलं नाही. एका फोटोत बागेत तंबू लागलाय, मोठे घरंदाज तिबेटी अधिकारी कानात लांब डूल घालून खुर्च्यांवर बसलेत. इथे सिनेमा दाखवायचे, चार्ली चॅप्लिन आणि रिन टिन टिन कुत्र्याचे, आणि ल्हासातली बडी मंडळी ते बघायला हौसेने यायची. दवाखाना होता, तिथे डॉक्टर असायचा आणि गावातली साधी माणसंही औषधाला यायची. मला वाटतं मिशनची खरी पत या दवाखान्याने कमावली, कारण राजकीय गप्पा चार घरांत होतात आणि औषध सगळ्या गावाला लागतं.

आणि रेडिओ. सुरुवातीला नेपियन आणि डॅग हे दोन लष्करी अधिकारी, नंतर बरीच वर्षं रेजिनाल्ड फॉक्स. त्यांचा कॉलसाइन (रेडिओवरचं ओळखनाव) एसी४वायएन. हॅम रेडिओवाल्यांना हा कॉलसाइन आजही माहीत असतो, जगाच्या त्या टोकावरून सिग्नल येतोय म्हणून लोक रात्र रात्र जागायचे. ताई म्हणाली हे टाइमलाइनमध्ये कशाला, मी म्हटलं चौथ्या कॉलममध्ये जाईल, राहू दे.

गंगटोकहून ल्हासाला पोचायला घोड्या-खेचरांवरून साधारण तीन आठवडे. नाथू ला, यातुंग, फारी, ग्यांत्से, मग पुढे ल्हासा. वाटेत मुक्कामाला डाकबंगले. मित्र ते एकेक नकाशावर टाकतोय. तार ग्यांत्सेपर्यंत आधीच होती, १९२२ मध्ये ती ल्हासापर्यंत गेली.

१६ जानेवारी

गार्तोकचा खाना वेगळा ठेवावा लागणार. तिथला एजंट उन्हाळ्यात जायचा आणि थंडी पडायच्या आत परत, त्यामुळे ल्हासासारखं बारमाही काम नाही. पण महत्त्व कमी धरू नये. स्वातंत्र्यानंतर तिथे लक्ष्मणसिंह जंगपांगी होते, कुमाऊँमधल्या जोहार खोऱ्यातले, त्या व्यापारी वाटांवरच्याच समाजातले. चीनने अक्साई चीनमध्ये बांधलेल्या रस्त्याची खबर दिल्लीला लवकर देणाऱ्यांत त्यांचं नाव घेतलं जातं. १९५९ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. दिल्लीतल्या टेबलावर जे दिसत नव्हतं ते तंबूत राहणाऱ्या माणसाला दिसत होतं, हे मला फार मोलाचं वाटतं.

२३ जानेवारी

१९४७ चा खाना. १५ ऑगस्टला ल्हासाच्या मिशनवर युनियन जॅक उतरला, तिरंगा चढला, बाकी सगळं जसंच्या तसं. तेच घर, तोच स्टाफ, तोच रिचर्डसन, जो आता स्वतंत्र भारताचा प्रतिनिधी झाला आणि १९५० पर्यंत राहिला. यावर आपल्याकडे बरेच जण नाराज होतात की इंग्रजालाच कसं ठेवलं. मला तसं वाटत नाही. तिबेटी बोलणारा, तिथल्या प्रत्येक घराण्याला ओळखणारा दुसरा माणूस त्या क्षणी दिल्लीकडे होता कुठे? तक्रार करायची तर ही करावी की त्याच्या हाताखाली लगेच चार-पाच भारतीय तरुण तयार करायला का नाही बसवले.

भारताने कळवलं की जुने करार आता आम्ही पुढे चालवणार. त्यावर ऑक्टोबर १९४७ मध्ये ल्हासाहून तार आली, त्यात उलट आधी आमचे जुने प्रदेश परत द्या अशी मागणी! दिल्लीने नव्या वाटाघाटी होईपर्यंत आहे तसं चालू ठेवू असं उत्तर दिलं आणि १९४८ मध्ये तिबेटने ते मान्य केलं. मला वाटतं इथे तिबेट सरकारने एक मोठी संधी दवडली. नवा शेजारी स्वतःहून सही करायला तयार होता, तेव्हा ताबडतोब नवा करार करून घेतला असता तर निदान कागद तरी हातात राहिला असता, दोघांच्याही.

जुलै १९४९ मध्ये ल्हासाने चिनी मिशनला हाकललं, ती माणसं भारतामार्गेच परत गेली आणि चीनने याचं खापर रिचर्डसन आणि भारतावर फोडलं. १९५० मध्ये रिचर्डसन निवृत्त झाला, सुमुल सिन्हा आले, आणि ते बसतात न बसतात तोच ऑक्टोबरमध्ये चिनी फौज पूर्व तिबेटातल्या चामडोमध्ये शिरली.

७ नोव्हेंबर १९५० चं सरदार पटेलांचं नेहरूंना पत्र सगळे सांगतात, पण त्यात शेवटी जी विचार करायच्या मुद्द्यांची यादी आहे त्यात ल्हासाच्या मिशनचं, ग्यांत्से-यातुंगच्या ठाण्यांचं आणि तिथल्या आपल्या पहाऱ्याचं पुढे काय करायचं हा मुद्दा स्पष्ट आहे. पाच-सहा आठवड्यांत वल्लभभाई गेले.

३० जानेवारी

आजचा खाना मला सगळ्यात जास्त अस्वस्थ करणारा. मे १९५१ मध्ये तिबेटला चीनचा भाग ठरवणारा १७ कलमी करार, सप्टेंबरमध्ये चिनी सैन्य ल्हासात. आता आपल्या मिशनचं काय? मिशन म्हणजे राजकीय प्रतिनिधी, तो परराष्ट्र संबंध असलेल्या सरकारकडे असतो. चीनचं म्हणणं सरळ होतं की तिबेटचे परराष्ट्र संबंध आता पेकिंगमध्ये (आजचं बीजिंग), मग ल्हासामध्ये तुमचं मिशन कसलं. सप्टेंबर १९५२ मध्ये दिल्लीने मान्य केलं, मिशनचं कॉन्सुलेट जनरल झालं, आणि बदल्यात चीनला कॉन्सुलेट जनरल मिळालं ते मुंबईला.

मुंबई! ल्हासाच्या बदल्यात मुंबई. आमच्यापैकी कुणालाच हे माहीत नव्हतं.

दर्जा बदलला म्हणजे नेमकं काय बदललं हे ताईला समजावताना माझंच डोकं साफ झालं. कॉन्सुल जनरल व्यापार बघतो, पासपोर्ट-व्हिसा बघतो, आपल्या नागरिकांची काळजी घेतो, पण तो ज्या शहरात बसलाय तिथल्या सरकारशी राजकीय बोलणी करत नाही, ती वकिलातीचं काम. म्हणजे १९५२ नंतर ल्हासामधला आपला माणूस दलाई लामांच्या सरकारकडे राजकीय प्रतिनिधी म्हणून जाऊच शकत नव्हता. घर तेच, बाग तीच, झेंडाही तोच. आणि हे सगळं कुठल्या वाटाघाटीत, काही मागून घेऊन झालं नाही, सीमेबद्दल एक ओळसुद्धा लिहून घेतली नाही.

याच काळात चिनी सैन्याला ल्हासामध्ये धान्याची टंचाई होती आणि चीनमधून बोटीने आलेला तांदूळ कलकत्त्यामार्गे, आपल्याच वाटेने, वर तिबेटात जात होता. कारण चीनकडून ल्हासापर्यंत मोटाररस्ता अजून तयार नव्हता. ते दोन्ही मोठे रस्ते, सिचुआनचा आणि चिंगहायचा, पूर्ण झाले डिसेंबर १९५४ मध्ये. ही तारीख मी लाल रंगात टाकली आहे.

७ फेब्रुवारी

१९५४. तिबेटबाबतच्या भारत-चीन कराराच्या वाटाघाटी पेकिंगला ३१ डिसेंबर १९५३ ला सुरू झाल्या, सही २९ एप्रिल १९५४ ला, आपल्याकडून राजदूत एन. राघवन. पंचशील म्हणतो ती पाच तत्त्वं याच कराराच्या सुरुवातीला आहेत. पण सगळे ती प्रस्तावनाच वाचतात, मी आज पुढची कलमं आणि सोबतच्या चिठ्ठ्या वाचत बसलो, आणि चौथा कॉलम भरता भरता अक्षरशः रिकामा होत गेला.

ग्यांत्से आणि यातुंगचा लष्करी पहारा सहा महिन्यांत काढायचा. टपाल, तार, टेलिफोन सगळं सामानासकट चीनला द्यायचं. १२ विश्रामगृहं द्यायची. ट्रेड एजन्सीच्या कुंपणाबाहेरची जमीन परत, आतली भाडेपट्ट्याने. बदल्यात आपल्या तीन ट्रेड एजन्सी चालू राहणार आणि चीनच्याही तीन: दिल्ली, कलकत्ता, कालिम्पाँग. व्यापारी आणि यात्रेकरूंसाठी शिपकी ला, माना, नीती, कुंगरी बिंगरी, दर्मा आणि लिपुलेख हे सहा घाट. मुदत ८ वर्षं. एवढंच.

करार लागू होऊन दीडेक महिना होतो न होतो तोच जुलै १९५४ मध्ये ग्यांत्सेला भयंकर पूर आला आणि आपली ट्रेड एजन्सी वाहून गेली, माणसं गेली. पुन्हा बांधायची म्हटलं तर जमिनीचा पट्टा, नदीकाठचा बंधारा, परवानगी, एकामागून एक अडचणी, पत्रापत्री होत राहिली आणि ती इमारत शेवटपर्यंत उभी राहिली नाही. हे मी मुद्दाम सविस्तर टाकतोय. दुसऱ्याच्या मुलखात तुमचं ऑफिस चालतं म्हणजे काय, तर तिथे वीट लावायला तुम्हाला विचारावं लागतं की नाही, यावर ते ठरतं. १९५४ च्या आधी आपण विचारत नव्हतो.

१ एप्रिल १९५५ ला तार-टपाल-टेलिफोन रीतसर हस्तांतरित झालं, कॉन्सुल जनरल तेव्हा पी. एन. मेनन. त्यांचे सासरे के. पी. एस. मेनन १९४७ मध्ये चीनमधले भारताचे पहिले राजदूत आणि मुलगा शिवशंकर मेनन पुढे बीजिंगमध्ये राजदूत. एका घरात एवढा इतिहास!

८ फेब्रुवारी

मित्राशी कालच्या खान्यावरून चांगलंच वाजलं. त्याचं म्हणणं, चिनी फौज ल्हासात बसलेली असताना ग्यांत्सेच्या मूठभर सैनिकांचा काय उपयोग होता, ते काढून घेणं हा शहाणपणा होता, आणि साम्राज्याच्या काळातले हक्क स्वतंत्र भारताने कुठल्या तोंडाने मागायचे. हे मला पटतं. पहारा काढला याचं मला दुःख नाहीच. माझं म्हणणं वेगळं आहे. सोडायचं तर सोडा, पण एकदम, एका टेबलावर, सीमेची रेघ लिहून घेऊन सोडा, आणि तेही डिसेंबर १९५४ च्या आधी, जेव्हा तुमच्या वाटेशिवाय त्यांचा तांदूळ वर चढत नव्हता. आपण आधी १९५२ मध्ये दर्जा सोडला, मग १९५४ मध्ये सामान सोडलं, आणि सीमेचा विषय काढायची वेळ आली तेव्हा हातात द्यायला काही उरलंच नव्हतं.

वाद मिटला नाही. टाइमलाइनमध्ये दोन्ही बाजू चार-चार ओळींत जातील.

१४ फेब्रुवारी

अप्पासाहेब पंत! औंधच्या राजांचे चिरंजीव. ज्या औंध संस्थानाने गांधीजींच्या सल्ल्याने प्रजेकडे कारभार सोपवण्याचा प्रयोग केला, त्या घरातला हा माणूस १९५५ ते १९६१ गंगटोकला पोलिटिकल ऑफिसर होता. हे पद समजून घेतल्याशिवाय ल्हासाचं काम कळत नाही, कारण सिक्कीम, भूतान आणि तिबेटमधली आपली सगळी ऑफिसं यांची सूत्रं गंगटोकच्या रेसिडेन्सीत होती. पंत १९५७ मध्ये स्वतः तिबेटमध्ये जाऊन आले. तिथल्या लोकांचं जगणं, त्यांची श्रद्धा, नव्या राजवटीखाली त्यांचं काय होतंय, हे आपुलकीने बघणारा आणि तसं दिल्लीला कळवणारा अधिकारी म्हणून मला त्यांच्याबद्दल मनापासून आदर वाटतो.

सप्टेंबर १९५८ मध्ये नेहरू भूतानला गेले तेव्हा रस्ता नाथू ला, यातुंग असाच होता, म्हणजे भारताच्या पंतप्रधानांनी भूतानला जाताना तिबेटच्या चुंबी खोऱ्यातून प्रवास केला, इंदिराजी आणि पंत सोबत. त्याच वर्षी ल्हासाला जायचा बेत मात्र झाला नाही. नकाशावर ही वाट वेगळ्या रंगात.

२२ फेब्रुवारी

मार्च १९५९. १० तारखेला दलाई लामांच्या काळजीने नोरबुलिंगकाबाहेर हजारो लोक जमले, दोनच दिवसांनी ल्हासातल्या बायकांनी मोर्चा काढला आणि आमची बाजू घ्या म्हणून भारताच्या कॉन्सुलेटकडे गाऱ्हाणं घातलं. कॉन्सुल जनरल मेजर छिब्बर. काय करू शकत होते ते? कॉन्सुल जनरलला राजकीय बोलायचा अधिकारच नाही, तो १९५२ मध्येच गेला. १७ तारखेच्या रात्री दलाई लामा निघाले, २० ला नोरबुलिंगकावर तोफा, आणि देकी लिंगका तिथून जवळच. तो आठवडा ल्हासामधून जगाला जी काही विश्वासार्ह बातमी मिळत होती त्यात आपल्या कॉन्सुलेटच्या रेडिओचा वाटा मोठा. ३१ मार्चला दलाई लामा भारतात आले आणि त्यांचं स्वागत करायला सरकारने ज्यांना पाठवलं ते तेच पी. एन. मेनन.

यानंतरचं एक काम कुणी सांगत नाही. ल्हासामध्ये पिढ्यान्‌पिढ्या राहिलेले काश्मिरी मुसलमान होते, त्यांनी आम्ही भारतीय म्हणून कॉन्सुलेटकडे दाद मागितली. चीन ते मानेना. बरीच पत्रापत्री झाली आणि १९६०-६१ मध्ये त्यातली बरीच कुटुंबं भारतात येऊ शकली. राजकीय अधिकार गेलेल्या त्या ऑफिसने शेवटच्या दिवसांत केलेलं हे सगळ्यात चांगलं काम, टाइमलाइनमध्ये याला मोठा चौकोन.

आता मुंबईची बाजू. २० एप्रिल १९५९ ला तिबेटवरून चिडलेल्या समाजवादी कार्यकर्त्यांचा मोर्चा मुंबईच्या चिनी कॉन्सुलेटवर गेला, भिंतीवर माओचं चित्र चिकटवलं आणि टोमॅटो आणि सडकी अंडी मारली. पेकिंगहून २७ तारखेला इतका जळजळीत निषेध आला की वाचून थक्क व्हायला होतं, हा चीनच्या सगळ्या जनतेचा अपमान आहे, समाधान होईपर्यंत शंभर वर्षं लागली तरी विषय सोडणार नाही अशा अर्थाचा. भारताने झालं ते वाईट झालं म्हटलं, पण शांततेने मोर्चा काढायला आमच्याकडे कायद्याने बंदी नाही हेही सांगितलं. ही सगळी पत्रं सप्टेंबर १९५९ मध्ये निघालेल्या पहिल्या श्वेतपत्रिकेत आहेत. ल्हासाच्या बदल्यात आलेलं ऑफिस ल्हासावरूनच अंडी खातं, हे दोन खाने नकाशावर एका रेघेने जोडायचे असं मित्राने स्वतःहून सुचवलं.

१ मार्च

१९६२ पटकन संपलं. जूनमध्ये आठ वर्षांची मुदत सरली, करार पुढे वाढवला नाही, ट्रेड एजन्सी गुंडाळल्या. २० ऑक्टोबरला युद्ध. डिसेंबरमध्ये ल्हासा आणि शांघायची आपली कॉन्सुलेट बंद, चीनची मुंबई आणि कलकत्त्याची बंद. मी या खान्यासाठी जास्त जागा ठेवली होती, पण लिहायला बसलो तर चार ओळी. खरं नुकसान तोवर १९५२ आणि १९५४ च्या खान्यांत होऊन गेलं होतं.

वकिलाती मात्र दोन्हीकडे उघड्या राहिल्या, फक्त राजदूत नाहीत. आपला राजदूत १९६१ मध्येच परत आला होता, तिथून १९७६ पर्यंत कारभार प्रभारी दूतांवर.

५ मार्च

ताईने शेवटचा भाग वाचला आणि १९६२ वर थांबू नको म्हणाली, त्यामुळे पुरवणी. नोव्हेंबर १९६२ मध्ये हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला म्हणतात ते यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेले, आणि एप्रिल १९७६ मध्ये चीनला पुन्हा राजदूत पाठवतोय हे संसदेत जाहीर केलं तेही यशवंतरावांनीच, आता परराष्ट्रमंत्री म्हणून. राजदूत म्हणून गेले के. आर. नारायणन. १९९२ मध्ये मुंबईचं चिनी कॉन्सुलेट पुन्हा उघडलं, आपलं शांघायला. म्हणजे १९५२ च्या सौद्यातली मुंबईची बाजू परत आली, पण समोर ल्हासाऐवजी शांघाय. २००८ मध्ये कलकत्त्याचंही उघडलं. ल्हासा नाही.

उरलेली कामं: नेपाळची पट्टी खाली समांतर टाकायची, १८५६ च्या थापाथलीच्या करारापासून त्यांचा वकील ल्हासामध्ये आहे, मधे एवढी उलथापालथ झाली तरी त्यांचं ऑफिस टिकलं ते कसं हे चार ओळींत लिहायचं. १२ विश्रामगृहांपैकी ज्यांच्या जागा नक्की लागल्या तेवढीच नकाशावर ठेवायची. आणि देकी लिंगकाच्या फोटोंखाली दवाखान्याची ओळ वर, सिनेमाची खाली.